उलटी बाजू

...नखाएवढा हिरवा तारा, एका टोकाचा टवका उडालेला, मागची टाचणी वाकलेली — आणि उदयसिंह त्या टाचणीकडेच बघत राहिला, कारण पारदर्शक पिशवीतून चष्मा, मंगळसूत्र, मोबाईल एकेक करून काउंटरवर मांडताना नर्सने जे सांगितलं ते कानावर पडूनही आत उतरलं नव्हतं. सकाळी मंजुषा सानपाड्याला मैत्रिणीकडे म्हणून बाहेर पडली होती, आणि रिक्षातच...

"हा बिल्ला कसला, काका? पक्षाचा का?"

"एस्पेरांतोचा," तो म्हणाला. "जगातल्या सगळ्यांना एकमेकांशी बोलता यावं म्हणून एका माणसाने बनवलेली भाषा. ती तिची. माझी इदो."

बायको गेली हे कळल्यावर तोंडून निघालेलं पहिलं बोलणं हे. तिची, माझी. त्या दिवसातलं दुसरं काही त्याला इतकं झोंबत नाही.

त्यानंतर पावसाळा गेला, थंडी गेली, आणि आज शनिवारी सकाळपासून तो नेरूळच्या घरात जेवणाच्या टेबलाशी कागद घेऊन बसला आहे. कागद कोरा नाही. कोरा असता तर परवडलं असतं; तो भरला आहे आणि खोटा आहे.

उद्या वाचनालयात एस्पेरांतो आणि तिच्यातूनच दुरुस्त करून काढलेली इदो, या दोन भाषांची तुलना करायची आहे. कार्यक्रम ती असताना दोघांनी मिळून ठरवला होता, तो तेव्हा राहून गेला; आणि ठरवला होता तिच्या पद्धतीने: मंजुषा इदोची बाजू मांडणार, उदयसिंह एस्पेरांतोची. ही उलटी बाजू त्यांच्या घरात जुनी. घणसोली गावात भाड्याच्या खोलीत राहायचे तेव्हा, इथेच घर घ्यायचं की साताऱ्याकडे परतायचं यावरून भांडण विकोपाला गेलं आणि तिने नियम काढला — आधी तुम्ही माझं म्हणणं सांगा, असं सांगा की मी म्हटलं पाहिजे 'हो, हेच'. मग मी तुमचं सांगते. त्यानंतर काय भांडायचं ते भांडू. पुष्कळदा तोवर भांडायला काही उरायचं नाही. चहा मात्र दोनदा व्हायचा.

तिने आपला भाग केलाही होता. गॅलरीत कपडे वाळत घालता घालता तिने इदोची बाजू सांगितली: एस्पेरांतोत जे अडतं ते काही जाणत्या लोकांनी बसून दुरुस्त केलं, अक्षरांच्या डोक्यावरच्या टोप्या काढल्या, आईसाठीचा शब्द बापाच्या शब्दाला शेपूट जोडून होत होता तिथे आईला स्वतःचा शब्द दिला, आणि मोडकं आहे तसंच वापरत राहणं ही निष्ठा नव्हे, तो आळस. ठाणे-बेलापूर रोडच्या कारखान्यात जन्मभर मशिनं दुरुस्त केलेल्या माणसाला याहून वेगळं काय म्हणायचं होतं? "हो, हेच," तो तिथल्या तिथे म्हणाला. चिमटे तिच्या तोंडात होते, तरी ती हसली. "आता तुमची पाळी."

तो सांगायचा आणि ती मान हलवायची. हे नाही. अजून नाही. शेपटीचं काय, असं त्याने डिवचलं तर म्हणायची, "लेखकाची लेखिका होते तेव्हा तुम्ही कुठे असता?" एकदा म्हणाली, "माझ्या भाषेत इदो म्हणजे अपत्य. बघा, एस्पेरांतोला तरी झालं." ती हसत होती. त्याला हसू आलं नव्हतं, आणि पुढे त्यावर दोघंही कधी बोलले नाहीत...

फोन वाजला. वाचनालयाचा विश्वजित.

"काका, उद्याचं नक्की ना? टेन्शन घेऊ नका हां. तुलना-बिलना राहू दे, काकूंच्या दोन आठवणी सांगा. लोकांना तेच आवडेल."

"आठवणी नाहीत सांगायच्या. बाजू मांडायची आहे."

"तेच ओ काका, सेमच."

सेम नाही. उदयसिंहने फोन उपडा ठेवला. आठवण कोणीही सांगेल, तिच्यात चूक निघत नाही. बाजूत निघते. पण चूक काढणारी कुठे आहे?

डोकं तापलं तसा तो पिशवी घेऊन मासळी बाजारात गेला. करावे गावची चंद्राबाई नेहमीच्या कोपऱ्यात बोंबील मांडून बसली होती. मंजुषा वर्षानुवर्षं तिच्याकडूनच घ्यायची.

"सालूतोन, काका!" ती लांबूनच ओरडली. मंजुषाने शिकवलेला नमस्कार. शेजारची बाई तोंडाला पदर लावून हसली.

"सालूतो," तो चिडून म्हणाला. "आमच्या इदोत सालूतो म्हणतात. ते सोपं आहे."

"मला काकीनी सालूतोन शिकवलाय. चुकीचा हाय तं काकीला सांगा." बोलून गेल्यावर चंद्राबाईने कोयता खाली ठेवला. "ऱ्हावं द्या, काका. ती पावनी आलेली ना, जपानची, काकीनी तिला हितं आनलेली. मी सालूतोन बोल्ली तं रडाया लागली बाई. माझा हातच सोडंना. हाताला मासलीचा वास, तरी पन. मना काय समजला नाय, का रडतं हाय."

त्याला एस्पेरांतोच्या ओळखीने घरी उतरलेली ती पाहुणी आठवली, हंगेरीचा म्हाताराही आठवला, जो पिठलं खाता खाता मंजुषाला म्हणाला होता की तुमचे मिस्टर मजेशीर एस्पेरांतो बोलतात. मी इदो बोलत होतो! शुद्ध, एक चूक नसलेली इदो, आणि ती त्याला सदोष एस्पेरांतो वाटली... पण त्या म्हाताऱ्याला समजलं होतं. आणि माझ्याशी इदोत बोलायला आमच्या घरी कधी कोणी आलं नाही, हेही खरं, आणि हे मी तिला कधी सांगितलं नाही, कारण तिला ते माहीतच होतं.

घरी येऊन बोंबील तसेच ओट्यावर ठेवून त्याने भराभर लिहिलं. भाषा तिच्या रचनेत नसते, उत्तर देणाऱ्यात असते, दुरुस्त भाषेला कोणी उत्तर देत नसेल तर ती नुसती दुरुस्तच राहते, चंद्राबाईचा हात, सगळं. मग वाचून पाहिलं आणि संताप आला. सकाळच्या कागदावर एस्पेरांतो हरत होती, कारण तिथे तोच बोलत होता. या कागदावर ती एवढी जिंकत होती की समोर इदो म्हणून काही उरलंच नव्हतं — ही काय बाजू झाली? ही तर श्रद्धांजली. मेलेल्या माणसाला फुकट मार्क देऊ नका, असं ती म्हणाली असती. की नसती म्हणाली? की हेच वाचून, ओले हात पदराला पुसत, म्हणाली असती...

त्याने कागद फाडला नाही. इतके महिने त्याला वाटत होतं की आपल्याला जमत नाही. आता प्रथमच वाटलं की कदाचित जमलंही असेल, आणि ते आपल्याला कळणार नाही. हे जास्त वाईट होतं. आणि तरी, का कुणास ठाऊक, सकाळसारखा राग येईना. त्याने कागद पुन्हा पुढे ओढला, पहिली ओळ वाचली, दुसरी वाचली, पेन हातात धरून तिसरीवर थांबला.

तिची बाजू मांडून व्हायची आहे.