डाव्या हाताचा वडा

आवडाबाईंनी वड्यांचा घाणा तेलातून काढला तेवढ्यात फोन वाजला. झारा हातात, फोन मान वाकडी करून खांद्याशी दाबलेला, आणि समोर आगरदांड्याच्या जेट्टीवर दिघीच्या बोटीची वाट बघणारी गिऱ्हाइकं. फोन परदेशातून होता म्हणून त्यांनी गिऱ्हाइकांकडे पाठ केली. एरवी धंद्याच्या वेळी त्या कुणालाही पाठ दाखवत नसत.

"आत्या, काल हात चुकला," तेजस्वी म्हणाली.

तेजस्वी त्यांच्या भावाची मुलगी, लहानपणापासून त्यांच्याकडेच वाढलेली. आंतरराष्ट्रीय ज्युनियर स्पर्धेत भारताच्या मुलींच्या रिले संघात ती शेवटचा टप्पा धावत होती आणि आज अंतिम फेरी होती. आवडाबाई ही बातमी वड्याबरोबर फुकट वाटत होत्या. चटणी एक वेळ विसरत, बातमी नाही.

"पडली काय ती नळी?"

"बॅटन गो. पडता पडता र्‍हायला. मागची 'हाथ' म्हणून ओरडली आणि माझा उजवाच हात मागं गेला. मला घ्यायचा असतो डाव्यात. कसंबसं फायनलला आलो."

"मग डाव्यात घे. त्यात काय अवघड?"

"डोक्याला कळतं गो. हाताला न्हाय कळत. आज मी धावायचं का ती केरळची मुलगी, ते आमच्या कोच मॅडम बसमध्ये ठरवणार हायत."

"रडतेस काय? जा, धाव," म्हणून आवडाबाईंनी फोन बंद केला. पण पुढचा घाणा जरा जास्तच लाल झाला.

हाताला का कळत नाही, हे सांगायला त्यांना ज्योतिषी नको होता. पोर जन्माची डावखुरी. वड्याच्या गाडीवर मदतीला उभी राहू लागली तेव्हा प्लेट डाव्या हातानं पुढं करायची. डाव्या हातानं दिलेलं अन्न गिऱ्हाईक घेत नाही, देव तर नाहीच नाही. पहिली प्लेट परत केली ती बोटीवरच्या काळूराम खलाशानं. तेव्हापासून आवडाबाई पोरीच्या मागे उभ्या राहून ओरडत, "हात!" की पोर दचकून हात बदले. पुढे पुढे झोपेतसुद्धा ती उजवाच पुढं करी. पोरीला वळण लावलं म्हणून आवडाबाईंनी साऱ्या जेट्टीवर मिरवून घेतलं होतं. शिबिरात वर्षभर डाव्यात घेणं घोटून घेतलं होतं, ते सगळं ठीक चाललं होतं, पण काल भरल्या मैदानात मागून तीच हाक आली आणि पोरीनं आत्याचं ऐकलं.

आवडाबाईंनी गॅस बारीक केला. हातपाय गाळून बसणारी ही बाई नव्हे.

"केतन," त्यांनी तिकीटखिडकीतल्या केतनला हाक मारली, "तिचं तोंड दिसेल असा फोन लाव."

केतननं व्हिडिओ कॉल लावला आणि फोन बिस्किटांच्या बरणीला टेकवून उभा केला. तेजस्वी दिसली. तिच्या मागे बस उभी होती.

"बोलू नको. नुसतं बघ," आवडाबाई म्हणाल्या.

नेमका काळूराम आला. वय झालं तरी हा गडी बोटीचा दोर दुसऱ्या कुणाच्या हाती देत नसे, आणि दुपारच्या फेरीआधी या गाडीवरचे दोन वडे पोटात गेल्याशिवाय बोटीवर चढत नसे. आवडाबाईंनी प्लेट भरली आणि डाव्या हातानं पुढं केली.

काळूरामनं प्लेटकडे बघितलं. मग त्यांच्याकडे.

"आवडाबाय, हात."

"ह्योच हात हाय."

"डोस्कं फिरलं काय तुझं? येवढी वर्सं खातोय तुझ्याकडं."

"घ्यायचं तर घे."

प्लेट अधांतरीच राहिली. बोटीचा भोंगा वाजला. काळूरामनं वड्यांवरून एकदा नजर फिरवली, त्याला भूक लागली होती हे कुणालाही दिसलं असतं, आणि तो तरातरा बोटीकडे निघून गेला.

आवडाबाईंनी हात खाली घेतला नाही. तशाच त्या फोनकडे वळल्या.

"बघितलंस? गेला रुसून. मी मेले काय?"

तेजस्वीनं फोन तोंडाजवळ आणला.

"तुला विचारते. मेले काय? वडा पडला काय खाली?"

"न्हाय."

"देवीनं डोळे वटारले?"

"न्हाय गो," म्हणताना तिला हसू फुटलं. तिच्यामागच्या दोघी-तिघी मुलीही हसल्या. त्यांना काय कळलं देव जाणे.

"मग आता मागनं 'हात' आलं का ह्यो हात. माझं आधीचं सांगणं सोडून दे."

आवडाबाईंनी आपला शब्द मागे घेतल्याचं जेट्टीवर आजवर कुणी ऐकलं नव्हतं. केतननं तर मान वर करून बघितलं.

"आणि मॅडमना सांग, मीच धावणार. विचारू नको. सांग."

"सांगते," तेजस्वी म्हणाली, आणि फोन तिनंच बंद केला.

शर्यत लागली तेव्हा उन्हं कलली होती. सगळी जेट्टी केतनच्या फोनभोवती गोळा झाली. आवडाबाई मात्र कढईपाशी, पाठ करून उभ्या. गिऱ्हाईक एकही नव्हतं, तरी घाणा चालू होता.

"मावशी, तेजस्वी हाय! शेवटच्या टप्प्याला उभी हाय!" केतन ओरडत होता. "सुटल्या... दुसरीला दिला... आपण पाचव्या हाव... या की बघायला! तिसरी पळतेय..."

झारा तेलातच थांबला.

मग एकच गलका उठला. कुणीतरी पत्र्यावर थापा मारल्या.

"तिसरा नंबर! मावशी, पदक आलं!"

"नंबर र्‍हाऊ दे," आवडाबाई म्हणाल्या. "हात कुठला होता?"

"आँ?"

"घेताना हात कुठला होता?"

केतननं चित्र मागे नेऊन पुन्हा बघितलं. "डावा," तो म्हणाला. "मागं न बघता."

आवडाबाई मटकन स्टुलावर बसल्या. त्यांना रडू आलं आणि त्यांनी ते येऊ दिलं. पदर लावायच्याही भानगडीत त्या पडल्या नाहीत. वडे करपायला लागले तेव्हा केतननंच धावत येऊन गॅस बंद केला.

दिघीहून बोट परत लागली. दुपारपासून काळूराम गाडीकडे फिरकला नव्हता, सगळ्या फेऱ्या त्यानं उपाशीपोटी केल्या होत्या. दोर बांधून तो आला आणि समोर उभा राहिला. बोटीवरही लोकांनी शर्यत बघितली होती, तेजस्वीनं डाव्या हातानं घेतलं तेसुद्धा. आवडाबाईंनी डोळे पुसले, दोन वडे प्लेटमध्ये घातले, चटणी वाढली. भांडण कितीही असलं तरी उपाशी माणूस तो उपाशी माणूस. प्लेट त्यांनी उजव्या हातानं पुढं केली.

काळूरामनं ती घेतली नाही.

"आवडाबाय," तो म्हणाला, "हात."

आवडाबाईंना समजायला एक क्षण लागला. मग त्यांनी हात बदलला.