शिवलेली खिडकी

धाकट्या भावाने जाळ्याची खिडकी शिवून टाकली होती, तीही ताईच्याच दोऱ्याने. चुकून शिरलेलं कासव बाहेर पडावं म्हणून कायद्याने ठेवायला लावलेली ही खिडकी. ताईने ती बोटं सोलवटून घेत बसवली होती, आणि या शहाण्याने दोन टाक्यांत सगळं मातीत घातलं.

धक्क्यावर जाळं तसंच टाकून ती तरातरा बोटीत चढली. बर्फाच्या खणाचं झाकण उचललं. आत कासवं उताणी पडली होती, पुढचे पाय बांधलेले. एकाने दमलेल्या माणसासारखा लांब श्वास सोडला. तिच्या अंगाचा तिळपापड झाला.

"आत्ताच्या आत्ता सोड यांना!"

"सोडतो की. मग व्यापाऱ्याला काय, तुझं तोंड दाखवू?" धाकटा झाकण ओढत म्हणाला.

"लाज नाही वाटत?"

"लाज तूच सांभाळ. फार शहाणपणा केलास तर आईला माझ्या घरातून उचल आणि ने तुझ्या त्या खुराड्यात."

हा त्याचा ठरलेला वार. अंथरुणाला खिळलेली आई त्याच्याकडे होती, आणि हा निर्लज्ज तिला ओलीस धरल्यासारखा वापरायचा. ताई दात-ओठ खात खाली उतरली.

तेवढ्यात मत्स्य खात्याचा निरीक्षक आला आणि नेमका त्या जाळ्यापाशी थांबला.

"ही खिडकी कोणी शिवली?"

ताईने मान खाली घातली. 'मला काही माहीत नाही' हे जिभेवर आलंही होतं.

"आमच्या ताईने, साहेब," धाकटा हसत म्हणाला. "बाईमाणूस. तिला नियमातलं काय कळतंय? लिहा तिचं नाव."

ताईने मान वर केली.

"जाळं मी विणलं. खिडकी याने शिवली," ती म्हणाली. "आणि साहेब, बोटीतल्या बर्फाच्या खणाचं झाकण उघडा."

निरीक्षकाने एकेक कासव धक्क्यावर उतरवून घेतलं. काही हललीच नाहीत. ताई गुडघ्यांवर बसून दोऱ्या कापू लागली.

"घर बुडवलंस, सटवे!" धाकटा ओरडला. "आता आईला एक रात्रसुद्धा ठेवणार नाही, सांगून ठेवतो!"

ताईच्या खोलीत एकच खाट होती, आणि औषधांची सोय कुठून करायची हे तिला अजिबात माहीत नव्हतं. तिने पुढची दोरी कापली.

"तिचे कपडे बांधून ठेव," ती म्हणाली. "इथलं आटपलं की न्यायला येते."