जोडखाटेच्या फटीतले तीळ

घाबरू नका मित्रांनो, जवळ या. चादर बाजूला केलीत की दिसेल, मी एक जुनी जोडखाट आहे. खाटा दोन, मधे काचेची कमान, पण जीव एकच. डाव्या खाटेवर माणूस निजायचं, मला चालवणारा भारत कळ दाबायचा, आणि थोड्या वेळानं, डावीकडचं माणूस तिथंच असताना, उजव्या खाटेवरही तेच माणूस डोळे चोळत उठून बसायचं. तोच चेहरा, त्याच सुरकुत्या, त्याच आठवणी. कपडे मात्र मला कधीच जमले नाहीत. ते घरून आणावे लागत.

माझा जन्म जालन्याच्याच एका कारखान्यातला. माझे मालक अण्णासाहेब, त्यांनी मला स्वतःच्या हातानं जोडलं, कमानीला हळदकुंकू लावलं आणि एका माणसाची दोन करून देणाऱ्या, बसस्थानकामागच्या आपल्या केंद्रात आणून ठेवलं. तेव्हा माझा काय तोरा होता! वर्तमानपत्रात फोटो आला, बाहेर रांग लागली. एका गृहस्थाला एकाच मुहूर्तावर दोन लग्नांना जेवायला जायचं होतं, तो रांगेत सर्वांत पुढे. कौतुकानं मी नुसती फुगून गेले होते.

पण मला लळा लागला तो सोनूबाईचा. तिचे दोन मुलगे. थोरला सोमेश्वर आष्टीला शेती करायचा, धाकटा कल्याण जाफराबादला जीप चालवायचा. सोनूबाई आळीपाळीनं दोघांकडे राहायची. एका हिवाळ्यात तिला खोकला झाला, म्हणून पाळी संपली तरी कल्याणनं तिला सोडलं नाही. न्यायला आलेला सोमेश्वर एकटाच परतला. शब्दानं शब्द वाढला आणि भावाभावांचं बोलणं तुटलं. आई नको म्हणून भांडणारे लेक तुम्ही ऐकले असतील. हे दोघे आई हवी म्हणून भांडले होते! शेवटी कुणीतरी त्यांना माझं नाव सुचवलं. एकेकाला एकेक आई, मिटलं भांडण.

दोघे माझ्या दोन बाजूंना पाठ फिरवून उभे राहिले. सोनूबाई आडवी झाली आणि भारतला हळूच म्हणाली, “लेकरा, दोघींनाबी दोन्ही पोरं आठवतील का रे?”

“बराबर आठवतील, मावशी.”

तिनं डोळे मिटले. तिच्या काळजाची धडधड मला खाली जाणवत होती.

काम नीट पार पडलं. नियमाप्रमाणे भारतनं चादर पांघरलेल्या उजवीकडच्या सोनूबाईच्या मनगटाला लाल दोरा बांधला, ओळख राहावी म्हणून. तशी डावीकडची म्हणाली, “एकीला दोरा अन् एकीचा हात रिकामा? बरं दिसतं का ते?” तिनं रिळाचा दोरा तोडला आणि आपल्याही मनगटाला बांधला. भारतनं कपाळावर हात मारून घेतला. मग मुलांनी आणलेली नवी लुगडी नेसायला दोघी पडद्याआड गेल्या. बाहेर आल्या तेव्हा मूळची कोणती, हे मलासुद्धा कळेना.

एक आष्टीला गेली, एक जाफराबादला. मुलांना वाटलं, आता मायेचीही वाटणी झाली. पण मित्रांनो, माया वाटली गेलीच नव्हती. शरीरासारखी तीही दुप्पट झाली होती. आष्टीच्या सोनूबाईला घास घेताना कल्याण आठवायचा आणि जाफराबादच्या सोनूबाईला सोमेश्वर.

संक्रांत झाली. एके सकाळी दोघींनी, एकमेकींना काही ठाऊक नसताना, तीळ लावलेले धपाटे फडक्यात बांधले आणि घरात न सांगता दुसऱ्या लेकाकडे निघाल्या. दोन्हीकडून येणाऱ्याला जालन्याला गाडी बदलावी लागते. स्थानकावर दोघी समोरासमोर आल्या आणि तिथून थेट माझ्याकडे. एकेका खाटेवर बसून त्यांनी जे बोलायला सुरुवात केली ते थांबेचना.

“कल्याण जेवतो का गं वेळेवर?”

“कुठला! जीप लावून येईस्तोवर भाकर गार होती. अन् सोमेश्वर?”

“भावाची आठवण काढून राह्यला, पण फोन करंना.”

“ह्यो बी तसाच!”

दोघी हसता हसता रडायला लागल्या. मग गेलेल्या नवऱ्याच्या गोष्टी निघाल्या. “हे गेल्यापासून असं बोलायला कुणी मिळालंच न्हाई बघ,” एक म्हणाली. दुसरीनं नुसता तिचा हात धरला. मुलं दोन होती, जीव लावणारी होती, पण सोनूबाईपाशी बसून बोलायला कुणालाच सवड नव्हती. मला फार वाईट वाटलं.

भारतनं फोन केले. दुपारी दोघे मुलगे धापा टाकत आले. कल्याण या खाटेकडे बघी, त्या खाटेकडे बघी.

“ह्याच्यातली माझी माय कोणती?” त्यानं विचारलं.

“माझी-तुझी करायला मी काय वावर हाय का रे?” उजवीकडची म्हणाली.

डावीकडची म्हणाली, “आता आम्ही दोघी संगंच राहणार. आधी आष्टीला, मंग जाफराबादला. ज्याला माय पाह्यची असंल त्यानं भावाच्या घरी यावं.”

 सोमेश्वर भावाकडे वळून म्हणाला, “जीप आणली का?”

“आणली.”

“मंग सोड आम्हाला आष्टीला. अन् आज राह्य तिथंच.”

कल्याणनं मान हलवली. मग माझ्यावरच गाठोडी सुटली. जवळ पाण्याचा पेलाही आणू न देणारा भारत, त्यानंही धपाट्यासाठी हात पुढे केला. खाऊन झाल्यावर ते एकाच जीपमधून गेले.

पुढे माझ्याहून चांगली यंत्रं आली. माझी कमान तडकली, वायर उंदरांनी कुरतडल्या, अण्णासाहेबांनी माझ्यावर चादर टाकली. माझी तक्रार नाही. एवढंच सांगते, घरातल्या म्हाताऱ्या माणसापाशी जरा बसा. त्याचं बोलणं संपेपर्यंत बसा. आणि कधी वाटलंच तर मलाही पुसा, बिजागऱ्यांना तेल घाला. फक्त डाव्या खाटेच्या फटीत थोडे तीळ अडकले आहेत, ते तेवढे झाडू नका.