मांजरपाटातली सरदारीण

मिनेनोजोचा लाल किमोनो नाटकगृहाच्या दारासमोर भर दुपारी जाळला, तेव्हा त्याला हातांत बेड्या घालून पुढेच बसवलं होतं. अस्सल रेशीम होतं, त्यावर जरीचे करकोचे. नगरकचेरीचा नवा हुकूम होता: रंगमंचावर रेशीम नको, जर नको, नटांनी आपली पायरी ओळखून राहावं. मिनेनोजोने तो हुकूम ऐकला होता आणि तरीही किमोनो घातला होता.

"नीट बघून घे," तपासनीस कुरिहारा म्हणाला. "सरदारांच्या बायकांचे कपडे तुम्हा नटांना कशाला हवेत?"

"सरदारांच्या बायका व्हायला," मिनेनोजो म्हणाला.

या उत्तरापायी वीस दिवसांच्या बेड्यांचे तीस दिवस झाले.

एदो शहरातल्या स्त्रीपार्टी नटांत त्याचं नाव पहिल्या तिघांत घेतलं जाई. वय बेचाळीस. लोक म्हणत, मिनेनोजोच्या हातांकडे पाहायला पैसे मोजावेत. आता तेच हात छातीपुढे अडकून पडले होते. शिक्षा घरीच भोगायची होती, म्हणून बेड्यांवर कागदी मोहर चिकटवलेली. दर पाच दिवसांनी शिपाई येऊन ती फाटली नाही ना, ते पाही. जेवण बायको भरवत असे.

तिसऱ्या दिवशी नाटकगृहाचा मालक तोकुएमोन घरी आला. "पुढच्या महिन्यात नवं नाटक लावतोय," तो म्हणाला. "सरदारणीचं काम तुझंच. पण कपडा मांजरपाटाचा. न रंगवलेला. लोक हसतील, मला माहीत आहे. नको वाटत असेल तर त्यातच म्हातारीचं छोटं काम आहे, ते घे."

"मी सरदारीणच करीन, मालक."

"मांजरपाटात?"

"मांजरपाटात."

मालक गेल्यावर बायको, ओशिगे, भांडी आवरता आवरता म्हणाली, "बोललात मोठं. जरा चालून दाखवा."

ओशिगे लहानपणापासून नाच शिकली होती. बायकांना रंगमंचावर जाता येत नसे, म्हणून ती व्यापाऱ्यांच्या मुलींना शिकवी; पण मिनेनोजोच्या प्रत्येक भूमिकेवर पहिली नजर तिची असायची आणि ती नजर दयामाया करत नसे.

तो खोलीच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत चालला.

"हा मांजरपाट घातलेला बाप्या चालतोय," ती म्हणाली. "अहो, इतकी वर्षं निम्मं काम तो किमोनो करत होता. तुमच्या पायांना काही ठाऊकच नाही."

त्याला राग आला. दोन दिवस तो तिच्याशी बोलला नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी तिने जुनी गादी विहिरीच्या पाण्यात भिजवली आणि दोरीने त्याच्या कमरेला बांधली. "सरदारणीचा किमोनो मागे ओढत असतो. हे ओढा."

तो पहिल्याच वळणावर तोंडावर आपटला. हात बांधलेले, सावरणार कशाने? ओठ फुटला. ओशिगेने रक्त पुसलं आणि म्हणाली, "वळताना मान आधी गेली. आधी कंबर, मग मागचा घोळ, मग मान. उठा."

वीस दिवस तो ती ओली गादी ओढत राहिला. शिपाई मोहर पाहायला आला की ओशिगे गादी उन्हात वाळत टाकायची. हळूहळू मिनेनोजोच्या टाचांना वजन कळू लागलं. मग खांद्यांना. मग गळपट्टीची जर मानेला टोचते तेव्हा मान किती ताठ राहते, तेही आठवू लागलं. शेवटच्या पाच दिवसांत ओशिगेने गादी काढून घेतली आणि नुसतं चालायला लावलं. तो चालला. ती भिंतीकडे सरकली. मग म्हणाली, "पाय दुमडून बसते जरा. तुमचा किमोनो तुडवला जाईल."

बेड्या निघाल्या त्याच आठवड्यात नाटक लागलं. मनगटांवर काळेनिळे वळ होते. रंगवणाऱ्याने त्यांवर पांढरा लेप लावायला ब्रश उचलला, तर मिनेनोजोने हात मागे घेतला. "राहू देत. दिसू देत."

हरलेल्या सरदाराची बायको शत्रूच्या किल्ल्यात नवऱ्याचं मुंडकं मागायला जाते, असा प्रवेश होता. प्रेक्षकांच्या मधून जाणाऱ्या फुलवाटेवर तो उतरला, तेव्हा कुणीतरी खुदकन हसलं. पिठाचं पोतं, असंही कुणी म्हणालं. मिनेनोजोने पहिलं पाऊल टाकलं. दुसरं टाकलं. तिसऱ्या पावलाला वाटेच्या कडेला बसलेल्या माशावाल्या बाईने आपला डबा चटकन मागे ओढला, नसलेला घोळ त्यावरून जाऊ नये म्हणून. हसू थांबलं. वळणावर तो उभा राहिला. कंबर वळली, मागचं ओझं सरकत आलं, मग मान. "मात्सुनोया," वरच्या सज्जातून कुणीतरी त्याच्या घराण्याचं नाव घेऊन हाक दिली आणि मग सगळीकडून तीच हाक येऊ लागली.

कुरिहारा तपासायला आलाच होता. शेजारचा सुतार आपल्या बायकोला सांगत होता, "काय लाल किमोनो आहे गं तो." कुरिहाराने डोळे चोळले. प्रवेश संपताच तो तडक रंगपटात शिरला.

"कपडा दाखव."

मिनेनोजोने बाही पुढे केली. कुरिहाराने कापड चोळलं, उलटं केलं, शिवण उसवून पाहिली. जाडाभरडा मांजरपाट. "आत काय घातलं होतंस?"

"मी होतो, साहेब."

दुसऱ्या दिवशी सकाळी कचेरीतून कागद आला. तोकुएमोनने तो दोनदा वाचला. सुती कपड्यातही उंची वस्त्राचा भास होईल अशी चाल नटाने चालू नये, असं त्यात लिहिलं होतं. "आता काय करायचं?" त्याचा चेहरा पडला होता.

"दौत द्या," मिनेनोजो म्हणाला आणि त्याने स्वतःच्या हाताने उत्तर लिहिलं: नट हुकूम पाळायला तयार आहे. मात्र स्वस्त चाल कोणती आणि महाग कोणती, हे त्याला ठाऊक नाही. तरी कचेरीने आपला एखादा माणूस पाठवावा. त्याने फुलवाटेवर सर्वांसमोर चालून दाखवावं, म्हणजे नट शिकेल.

"तुझ्याबरोबर मलाही बेड्या पडतील," मालक म्हणाला.

"पडू देत. ओशिगेकडे गादी आहे."

मालकाने डोक्याला हात लावला, पण कागदावर शिक्का मारला. मिनेनोजो मांजरपाट अंगावर चढवून फुलवाटेच्या दाराशी जाऊन उभा राहिला आणि आदल्या दिवशी चालला होता तस्साच चालला. कचेरीतून कुणी चालून दाखवायला आलं नाही. नाटक पुढे अठ्ठेचाळीस दिवस चाललं आणि शेवटच्या आठवड्यात पलीकडच्या नाटकगृहातले नटही मुद्दाम मांजरपाट घालून उभे राहिले.