सव्वीस मिनिटं

पिराजीनं स्वतःच्या मुलीचा मोबाइल हातात घेतला, बंद केला, पडदा पूर्ण काळा होईपर्यंत धरून ठेवला आणि फाटकाजवळच्या लाकडी पेटीत टाकून तिला सात नंबरचा पितळी बिल्ला दिला.

"माझा पण?" दीक्षानं विचारलं.

"नेम सगळ्यांना येकच."

नेम असा होता, की काळशास्त्र प्रबोधिनीच्या आवारात परकी वेळ न्यायची नाही. येडशीहून रामलिंगाकडं जाणाऱ्या रस्त्यावर, बंद पडलेल्या तेलगिरणीच्या शेडमध्ये ही संस्था एकोणीस वर्षं काळाच्या गूढ शक्तींचा अभ्यास करत होती. संचालक बब्रुवानरावांच्या मते बालाघाटच्या डोंगरात काळ जरा दाट असतो. या भागात सरकारी कागद सावकाश का चालतात, याचं याहून शास्त्रीय उत्तर आजवर कुणी दिलेलं नव्हतं. देशाची वेळ मिर्झापूरजवळच्या रेखावृत्तावरून ठरते. आपल्याकडं सूर्य सव्वीस मिनिटं उशिरा माथ्यावर येतो. म्हणून प्रबोधिनीची घड्याळंही सव्वीस मिनिटं मागं. हजेरी, चर्चासत्रं, चहा, सगळं त्या वेळेनं.

ती वेळ राखायचं काम पिराजीचं. रोज सकाळी तो सगळ्या घड्याळांना चावी देई. संध्याकाळी बाकीचे कर्मचारी खिशात लपवून आणलेल्या मोबाइलवर पाच वाजलेले बघून निघून जात. पिराजी आणखी सव्वीस मिनिटं एकटाच आवारात थांबे, कारण पाच अजून वाजायचे असत.

आज संशोधन सहायकाच्या एकुलत्या एका जागेची मुलाखत होती. दीक्षा भौतिकशास्त्रात एम.एस्सी. झाली होती आणि चार वर्षं धाराशिवला दुसऱ्यांच्या शिकवणीत दहावीच्या पोरांना आरसे नि भिंगं शिकवत होती. पुढच्या महिन्यात तिची वयोमर्यादा संपत होती. पत्रात लिहिलं होतं, कागदपत्रांसह सकाळी ठीक अकरा वाजता. फाटकावरच्या घड्याळात सव्वादहा व्हायला मिनिटभर कमी होतं.

"आत जाऊन बसू का, पप्पा?"

"बस की हितंच. टाइम हाय अजून."

ती बाकावर बसली. एकेक उमेदवार येत होता, मोबाइल देत होता, बिल्ला घेऊन आत जात होता.

"ते सगळे चाललेत."

"उतावळे हायत. म्होरं जाऊन तरी काय, भिंतीच बघायच्या."

मग एक गाडी थेट फाटकाला लागली. बब्रुवानरावांचा भाचा इंद्रजित कागदपत्रांची फाइल घेऊन उतरला. पिराजीनं बिल्ला पुढं केला.

"मोबाइल, साहेब."

"मामांना विचारलंय," इंद्रजित म्हणाला, आणि मोबाइलमध्ये बघत आत गेला.

पिराजीनं बिल्ला परत खिळ्याला अडकवला. मग काढला, सदऱ्याला पुसला आणि पुन्हा अडकवला. त्यानं शेडकडं पाहिलं. दोन पावलं तिकडं टाकली. परत आला.

"काय झालं?" दीक्षानं विचारलं.

"काय न्हाय. फायलीची दोरी नीट बांध."

अकराला पाच कमी असताना तो तिला घेऊन दालनाच्या दाराशी आला. दार बंद होतं. दीक्षानं टकटक करून ते उघडलं. आत टेबलामागं पुण्याहून आलेल्या समितीच्या अध्यक्ष, महेश्वरी मॅडम, यादीच्या तळाशी सही करत होत्या.

"उमेदवारांची हजेरी बंद झाली. पंधरा मिनिटांची सवलत दिली होती."

"मॅडम, अकराला अजून पाच मिनिटं आहेत." दीक्षानं भिंतीकडं बोट दाखवलं.

मॅडमनी भिंतीवरच्या घड्याळाकडं पाहिलं, मग आपल्या मनगटाकडं. "हे बंद आहे का हो?"

बब्रुवानराव शेजारीच बसले होते. त्यांनी चष्मा काढून पुसायला घेतला.

"शोभेचं आहे," ते म्हणाले.

मागं दाराशी उभ्या असलेल्या पिराजीनं टोपी काढली आणि ती कुठं ठेवावी हे न कळल्यासारखी हातातच धरली. दीक्षानं त्याच्याकडं वळून बघितलं, फाइल छातीशी धरली आणि बाहेर गेली.

मुलाखती उरकल्यावर बब्रुवानरावांनी त्याला बोलावून घेतलं.

"समिती बाहेरची, म्हणून आज बाहेरची वेळ. काल सगळ्यांना फोन केले होते."

"आमाला न्हाय आला, साहेब."

"तू घरचा माणूस. घरच्यांना काय कळवायचं?" बब्रुवानरावांनी खुर्ची पुढं ओढली. आवाज एकदम उजळला. "पण पिराजी, लक्षात आलं का तुझ्या? स्थानिक वेळेनं माणसाचं आयुष्य प्रत्यक्ष बदलल्याची आपल्याकडं एकसुद्धा नोंद नव्हती. एकोणीस वर्षांत. आज मिळाली! निरीक्षण वही आण."

पिराजीनं वही आणली. त्याचं अक्षर चांगलं होतं, म्हणून नोंदी तोच लिही.

"नाव नको. उमेदवार क्रमांक सात, एवढं लिही. परिणाम, कायमस्वरूपी."

पिराजीनं लिहिलं. शाई वाळेपर्यंत वही उघडी धरली.

"मार्चच्या चर्चासत्रात वाचतो मी हे. पोरीलाही आण त्या दिवशी. लोकांना प्रत्यक्ष बघता येईल. जेवण आपल्याकडंच."

"व्हय, साहेब."

दीक्षा रस्त्याच्या कडेला गाडीची वाट बघत उभी होती. त्यानं पेटीतून तिचा मोबाइल नेऊन दिला. तिनं तो चालू केला नाही.

"पप्पा, ते सगळे लवकर आत गेले, तेव्हा तुम्हाला काहीच वाटलं नाही?"

"वाटलं," तो म्हणाला. "त्यो भाचा आत गेला, तवा लई वाटलं."

"मग साहेबांना विचारायचं ना."

"इचारलं असतं, तर साहेबास्नी वाटलं असतं, पिराजी पोरीसाठी इचारतोय. एकोणीस सालात म्या त्यांच्याफुडं कशासाठी गेलो न्हाय. उद्या कुणी म्हणाय नगं, की बापानं वशिला लावला."

धाराशिवची गाडी आली. दीक्षा चढली, खिडकीजवळ बसली आणि तिनं काच सरकवली. पिराजीला वाटलं, आता ती बोलेल, दोन शब्द टाकून बोलेल. ते ऐकायला तो अगदी काचेखाली जाऊन उभा राहिला.

"जावा आत," ती म्हणाली. "ड्यूटी हाय तुमची."

गाडी वळणाआड जाईपर्यंत थांबावं असं त्याच्या मनात होतं. पण फाटक उघडंच राहिलं होतं. तो लगबगीनं माघारी वळला.