सूप द्या, म्हणाले डॉक्टर

मित्रांनो, मी एक जुनं सूप आहे. वाटी-चमचा आणायला उठू नका. मी प्यायचं सूप नाही, पाखडायचं आहे. बांबूच्या बारीक कामट्यांचं विणलेलं, तीन बाजूंना काठ असलेलं आणि पुढून उघडं. हल्ली हे आधीच सांगावं लागतं. ज्या वर्षाची गोष्ट मी सांगणार आहे, त्या वर्षी आमच्या घरात नेमकं उलटं होतं. माझ्याशिवाय दुसरं कुठलं सूप असतं, हे तिथे कुणालाच ठाऊक नव्हतं.

आमचं घर जळगावजवळ असोद्याला. साल चौऱ्याण्णव, महिना पौष. त्या सकाळी नर्मदाबाई ओट्यावर बसून उडीद पाखडत होत्या. ऊन कोवळं होतं. त्यांच्या मनगटाच्या एका झटक्यासरशी फोलपटं पुढे उडत आणि दाणे माझ्या पोटाशी परत येत. शेजारच्या भिकुबाईंनी भिंतीवरून डोकावून विचारलं, "नर्मदाक्का, सकाळधरून तेच उडीद! पाखडते का लाड करते व?"

"लाडच करते. तुह्यावानी कचऱ्यासंगे दाने नाई फेकत मी."

दोघी हसल्या. त्या घरातला तो शेवटचा साधा दिवस होता. तेव्हा तसं वाटलं नाही. दुपारी नर्मदाबाई कळण्याची, म्हणजे ज्वारी-उडदाच्या पिठाची भाकरी आणि ठेचा घेऊन बसल्या. तिसरा घास छातीत अडकला. त्या पाणी प्यायल्या, तर पाणीही परत आलं. महिनाभर घास अडकत होता आणि त्यांनी कुणाला सांगितलं नव्हतं, हे त्या दिवशी कळलं. त्यांचे यजमान देवचंदनाना मळ्यातून तसेच धावत आले. त्यांच्या पायांना केळीच्या बागेतला चिखल होता.

पुढचं सांगण्याआधी मला थोडं मागे जायला हवं. सुकदेव नावाच्या बुरडाने मला विणलं, त्या गोष्टीला तेव्हा सत्तावीस वर्षं झाली होती. मेथी आणि भिजवलेल्या कागदाचा लगदा लिंपून त्याने माझ्या फटी बुजवल्या. "नातवंडं पाखडतील याच्यात," असं तो म्हणाला होता. पण या घरात मला पहिलं काम मिळालं, ते धान्याचं नव्हतं. नर्मदाबाईंची दोन मुलं पाळण्यातच गेली होती. तिसरी मुलगी झाली, तेव्हा घरातल्या बायकांनी तिला माझ्यात ठेवलं आणि मला उंबऱ्याबाहेर ओढत नेलं. आमच्या भागात असं करतात. मूल नको असलेल्या कचऱ्यासारखं सुपात घालून बाहेर काढलं, की मरण त्याच्याकडे बघत नाही, असा समज आहे. मी तेव्हा कोरा करकरीत होतो. इतकं हलकं, इतकं गरम ओझं मी पुन्हा कधी पेललं नाही. उंबऱ्यावरून जाताना माझी एक कामटी कुरकुरली आणि मी घाबरून गेलो. हिला काही झालं तर लोक मलाच बोल लावतील, असं मला वाटलं.

मुलगी जगली. तिचं नाव सुपडाबाई ठेवलं. त्या दिवसापासून घरात माझा मान वाढला. दर दिवाळीला नर्मदाबाई मला नव्याने लिंपत. कुणाला मला पाय लावू देत नसत. मित्रांनो, खरं सांगायचं तर मी काहीच केलं नव्हतं. पण आपली स्तुती होत असली, की ती खोडून काढायला कोण जातं?

सुपडाबाई शिकली. धुळ्याच्या शेतकी कॉलेजात ग्रंथालयात नोकरीला लागली. गावात गिरणीवाल्याकडे धान्य साफ करायचं यंत्र आलं. मी बराचसा वेळ खुंटीवर राहू लागलो. त्याचं मला फारसं दुःख नव्हतं. निवांत होतो.

आता पुन्हा त्या पौषात येऊ. दुसऱ्या दिवशी नाना नर्मदाबाईंना एसटीने जळगावला मोठ्या डॉक्टरांकडे घेऊन गेले. परत आले ते चेहरा उजळून. त्यांनी तडक मला खुंटीवरून काढलं, पाण्याने धुतलं आणि उन्हात ठेवलं.

"डाक्टर आपल्याच भागातला हाये," ते भिकुबाईंना सांगत होते. "त्याले बठ्ठं माहीत हाये. म्हने, तीनदा सूप द्या. आठ दिवस नुसतं सूप. जड काई द्याचं नाई."

भिकुबाईंनी माझ्याकडे बघून हात जोडले. "पोरीले यानंच वाचवलं होतं, नाना."

"तेच तं!"

नर्मदाबाई खाटेवर पडल्या होत्या. त्या म्हणाल्या, "पोरगी वितभर होती, ती मावली. मी कशी मावनार याच्यात?" आणि तरी त्यांनी मला आपल्या हाताने उशाशी ओढून घेतलं.

सकाळी, दुपारी आणि संध्याकाळी नाना मला दोन्ही हातांत धरत. नर्मदाबाईंच्या डोक्यापासून पायापर्यंत पाखडल्यासारखं करत आणि उंबऱ्याबाहेर झटकत. मला सूपभर दुखणं बाहेर टाकायचं होतं. पण माझ्यात काहीच येत नव्हतं. मी रिकामा जात होतो आणि रिकामा परत येत होतो. जड काही द्यायचं नाही, म्हणून नानांनी भाकरी बंद केली, वरण बंद केलं. साखरेचं पाणी आणि कोरा चहा, तोही अर्धा परत यायचा. नर्मदाबाईंचा हात माझ्या काठावर असे. तो हात रोज हलका होत गेला. वजनाचं मला कळतं. आयुष्यभर मी तेच तर करत आलो. त्या तीन दिवसांत मला जी भीती वाटली, ती मी कुणाला सांगू शकत नव्हतो. सगळे माझ्याकडे बघत होते, आणि माझ्यात काही नव्हतं.

चौथ्या दिवशी, निरोप मिळाल्यावर, सुपडाबाई धुळ्याहून आली. वाटेत जळगावला उतरून ती डॉक्टरांना भेटून आली होती. खांद्याला पिशवी होती. आल्या आल्या तिने आईच्या कपाळावर हात ठेवला आणि विचारलं, "नाना, मायला खायला काय देताय?"

"सूप देतो. डाक्टरनं सांगतलं तसंच. तीनदा."

"कशाचं?"

"कशाचं म्हंजे?" नाना गोंधळले. "बांबूचं. आपलंच."

तिने माझ्याकडे पाहिलं. मग आईच्या कोरड्या ओठांकडे. "नाना, सूप म्हणजे भाजीचं पाणी. पातळ. प्यायचं असतं ते! तीन दिवस उपाशी ठेवलंत तुम्ही तिला?"

नानांनी हातातल्या उपरण्याची दोन वेळा घडी केली, दोन वेळा उलगडली.

सुपडाबाई मला घेऊन स्वयंपाकघरात आली. भिकुबाई मागोमाग आल्या. "काय म्हने डाक्टर?" त्यांनी हळूच विचारलं.

"काही हातात नाही म्हणाले, भिकुमावशी. फार उशीर झाला. दोन आठवडे, फार तर. सूप नुसतं तिला बरं वाटावं म्हणून." ती चुलीकडे बघत बोलत होती. "नानांना सांगू नका. त्यांना सोसणार नाही. मी सांगेन."

मग तिने पिशवीतून दोन गड्डे काढून माझ्यात ठेवले. कॉलेजच्या मळ्यात प्रयोगासाठी लावलेली ब्रोकोली होती ती. तिने तिचे तुरे माझ्यात सुटे केले आणि मिठाच्या गरम पाण्यात घातले. पाण्यात दोन अळ्या वर आल्या. नाना दारात येऊन उभे राहिले होते. "ही फुलकोबी हिरवी कशानं पडली?" त्यांनी विचारलं.

पातेल्यात चमचाभर तूप, त्यात एक कांदा आणि लसणाच्या दोन पाकळ्या. कांदा तांबूस होऊ दिला नाही. देठ सोलून, बारीक चिरून आधी टाकले, कारण ते शिजायला वेळ घेतात. मग तुरे, मूठभर शिजलेली मुगाची डाळ आणि पाणी. झाकण ठेवलं नाही. हिरवा रंग जातो, असं ती स्वतःशीच म्हणाली. तुरे चमच्याने दाबले जाऊ लागल्यावर तिने ते पाट्यावर वाटले, गाळले, पुन्हा एक उकळी आणली. मीठ, चिमूटभर मिरपूड. तिखट नाही.

"एवढंच?" नानांनी विचारलं.

"एवढंच."

"हे तं मले बी करता आलं असतं."

तिने वाटी भरली आणि त्यांच्या बाजूने निघून गेली.

नर्मदाबाईंनी सहा चमचे घेतले. "गवताच्या पान्यावानी लागते," त्या म्हणाल्या. "पन जाते खाली." मग नवऱ्याकडे बघून, "तुमचं सूप बरं होतं. गिळाचं काम नव्हतं."

नाना हसले नाहीत. दुसऱ्या दिवसापासून सूप तेच करू लागले. ब्रोकोली दोन दिवसांत संपली, मग दुधीचं, मग लाल भोपळ्याचं. पाट्यावर वाटताना त्यांचे गुडघे दुखत, पण ते कुणाला हात लावू देत नसत. त्यांना वाटत होतं, राहून गेलेले तीन दिवस भरून काढले, की ती उठून बसेल. सुपडाबाई हे बघत होती. रोज सकाळी ती तोंड उघडायची आणि रोज म्हणायची, "नाना, मीठ कमी घाला."

अकराव्या दिवशी सकाळी, नाना वाटीत फुंकर घालत असताना, नर्मदाबाई गेल्या.

भेटायला येणाऱ्या प्रत्येकाला नाना एकच सांगत. "मीच मारली तिले. मले सूप म्हंजे काय ते माहीत नव्हतं." काही जण हळहळत. पारावर कुणी तरी म्हणालं, "देवचंदनाना, आमच्या घरी पाव्हने येताहेत, कोनतं सूप करू?" ते नानांच्या कानावर आलं. त्यांनी बाहेर जाणं सोडलं. मग जेवण सोडलं. ताटासमोर बसत, भाकरी मोडत आणि तशीच ठेवून उठत. आधी नर्मदाबाईंचं वजन जाताना मी पाहिलं होतं. आता हे दुसरं माणूस हलकं होत चाललं होतं.

भिकुबाईंनी सुपडाबाईला एकदा टोकलं. "सांगितलं का व त्यायले?"

ती म्हणाली, "सांगेन." पण तिने सांगितलं नाही. मित्रांनो, मी तिला पहिल्या दिवसापासून ओळखतो, म्हणून हे बोलतो. आई उगाचच गेली, कुणाच्याही चुकीशिवाय गेली, हे तिला सोसत नव्हतं. त्यापेक्षा ते तीन दिवस बरे होते. त्यांच्यावर रागावता येत होतं.

तेरावा झाला. दुसऱ्या दिवशी सकाळी तिला धुळ्याची गाडी गाठायची होती. ती बाहेर आली, तेव्हा नाना अंगणात पाणी तापवायचा बंब पेटवत होते. त्यांनी मला गुडघ्यावर धरलं होतं आणि मोडायचा प्रयत्न करत होते. त्यांच्या हातांत तेवढं बळ उरलं नव्हतं. माझा एक काठ तडकला.

मित्रांनो, तुम्ही माझ्यासारख्या जुन्या वस्तू जपा, असं मी सांगितलं, तर तुम्ही मान हलवाल आणि विसराल. मी वेगळंच सांगतो. एखादा शब्द कळला नाही, तर विचारा. लाज वाटली तरी विचारा. आणि कळलेली गोष्ट ज्याला सांगायला हवी, त्याच्यापासून फार दिवस झाकून ठेवू नका. ती आतल्या आत किडते. आगीची धग माझ्या कामट्यांना लागत होती, तेव्हा मला माझ्यापेक्षा नानांची भीती जास्त वाटत होती. तो माणूस नुसतं सूप जाळत नव्हता.

"नाना, ठेवा ते," सुपडाबाई म्हणाली.

"काहाले? यानंच घात केला. यानं अन् म्या."

तिने पिशवी खाली ठेवली. त्यांच्यासमोर उकिडवी बसली. त्यांचे दोन्ही हात धरले आणि मला त्यांतून सोडवून बाजूला ठेवलं. धुळ्याला गेल्यापासून ती नानांशी पुस्तकातली भाषा बोलायची. त्या सकाळी बोलली नाही.

"नाना, माह्याकडे पाहा. डाक्टरनं मले पहिल्याच दिवशी सांगतलं होतं. माय वाचनार नव्हती. तुमी तिले रोज पंचपक्वान्न दिलं असतं, तरी वाचनार नव्हती. हे मले माहीत होतं. तुमी सूप वाटत होते, तवाबी माहीत होतं. तुमी सोताले दोष देत होते, तवाबी मी गप राहिली. तुमची काईच चूक नाई, नाना. चूक माही हाये."