कुवाबारांचा हट्टी कॅमेरा

मित्रांनो, मी एक जुना सिनेमाचा कॅमेरा आहे. जुना म्हणा, हरकत नाही. बिचारा मात्र म्हणू नका. माझा जन्म टोकियोच्या कारखान्यात झाला आणि मी कामाला लागलो क्योतोच्या स्टुडिओत.

माझे छायालेखक तेइझो कुवाबारा. जुन्या किमोनोच्या रेशमी तुकड्याने ते रोज माझी काच पुसत. विचारल्याशिवाय दिग्दर्शकालाही माझ्यात डोकावू देत नसत. तेव्हा तलवारबाजीच्या चित्रपटांत एक नियम होता. नायक रात्री जंगलात असो की तुरुंगात, त्याचा चेहरा लख्ख दिसलाच पाहिजे! कुवाबारांना तो नियम डोळ्यांत खुपायचा.

एकदा मरणाऱ्या आईजवळ बसलेल्या नायकाचा प्रसंग होता. कुवाबारांनी उजेड फक्त आईच्या हातावर ठेवला. स्टुडिओचे मालक ओनिशी तरातरा आले.

"अहो, चेहरा कुठे गेला? लोक काय हात बघायला येतात?"

"मुलगा तोंड लपवून रडतोय, साहेब. दिवा लावून त्याला उघडा पाडू?"

"दिवा लावा, नाहीतर घरी बसा!"

कुवाबारांनी दिवा लावला नाही. त्यांनी मला सुरू केले आणि मी तो प्रसंग अंधारासकट टिपला. ओनिशींनी तो कापून टाकला, कुवाबारांना काढले, वर म्हणाले, "ते खटारंही घेऊन जा." मला त्याचा राग अजून आहे.

मग आम्ही जाहिराती केल्या. छत्र्या, साबण, मुळ्याचे लोणचे. लोक म्हणाले, कुवाबारा संपला. लोणचेवाल्या त्सुनेबाई पहिल्याच दिवशी ओरडल्या, "अहो, माझा अर्धा मुळा काळोखात गेला!"

"बाई, तो जन्मभर जमिनीखालीच होता. एवढ्यानं घाबरायचा नाही."

बाई खो खो हसल्या. त्यांचे लोणचे शेवटपर्यंत आम्हीच टिपले.

आता कुवाबारांना नीट दिसत नाही. परवा स्टुडिओचे नवे मालक आमच्या अंगणात येऊन उभे राहिले. मला काचेच्या कपाटात ठेवायचे म्हणे, आणि पाटीवर कुवाबारांबद्दल लिहायचे, 'ओनिशीसाहेबांच्या तालमीत घडलेले छायालेखक'.

जेवण घेऊन आलेल्या त्सुनेबाईंना कुवाबारांनी विचारले, "बाई, सावली कुठवर आली?"

"उंबऱ्यापर्यंत."

"मग उजेड थोडाच वेळ आहे. पाहुणे, जरा सरका. माझ्या उजेडात उभे आहात तुम्ही."

आणि त्यांनी मला त्या सावलीकडे वळवून माझी कळ दाबली. मी खडखडलो, पण चाललो!

मित्रांनो, आम्हा जुन्यांना जपायचे असेल तर कपाट नको. थेंबभर तेल द्या, फिल्म भरा आणि बाजूला व्हा.